हो की नाही, तेवढं लेखी सांगा

सरकारी अर्जाच्या डोक्यावर आपण सगळे पिढ्यान्‌पिढ्या एक अक्षर लिहीत आलो आहोत. ‘मे. तहसीलदार साहेब यांसी.’ हे ‘मे.’ म्हणजे काय, असं मी पुष्कळांना विचारून पाहिलं. कुणी म्हणतं माननीय, कुणी म्हणतं मेसर्स. खरं तर ते आहे ‘मेहेरबान’. म्हणजे मागणाऱ्यानं पहिल्या ओळीतच कबूल करून टाकायचं, की साहेब, तुम्ही द्याल ती तुमची कृपा.

कचेरीतले निम्मे शब्द फारसी-अरबीतून आलेले आहेत. अर्ज, दाखला, दप्तर, तहसील, वकील, तारीख, मुदत. शिवरायांनी राज्यव्यवहारकोश करवून घेतला, फारसी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले, तरीही हे शब्द मराठीच्या अंगणात राहिले ते राहिलेच. ‘दिरंगाई’ हाही त्याच घराण्यातला. आणि ‘हक्क’ही. आज मला बोलायचं आहे ते या दोन शब्दांविषयी. गरीब माणूस मदतीसाठी अर्ज करतो आणि उत्तरच येत नाही, तेव्हा त्या दिरंगाईपुढे त्याचा काही हक्क उरतो का? आणि उरत असेल, तर तो मागायला कोर्टाचं दार कितपत उघडं आहे?

मी वकील नाही. बी.ए. झालेला, मराठीत कविता करणारा माणूस आहे. राहतो मावळातल्या सुदुंबऱ्यात. गावात एखादा माणूस लिहितो असं कळलं, की लोक त्याच्याकडे कविता ऐकायला येत नाहीत, अर्ज लिहून घ्यायला येतात. मला त्याचं वाईट वाटत नाही. आमचं गाव संताजी जगनाडे महाराजांचं. तुकोबांच्या चौदा टाळकऱ्यांपैकी एक, तेलाचा घाणा चालवणारा हा माणूस. तुकोबांचे अभंग त्यांनी वहीत उतरवून ठेवले म्हणून ते आपल्यापर्यंत आले. त्यांची समाधी आमच्या गावात आहे. बोललेलं वाऱ्यावर जातं आणि लिहिलेलं उरतं, हे आम्हाला कुणी वेगळं शिकवायला नको. कचेरीच्या बाबतीत मात्र आम्ही नेमकं तेच विसरतो. तोंडी विचारतो, तोंडी ऐकतो आणि रिकाम्या हातानं घरी येतो.

एक साधं उदाहरण घेऊ. संजय गांधी निराधार अनुदान योजना आपल्या राज्यात १९८० पासून आहे. विधवा, परित्यक्ता, दिव्यांग, अनाथ, दुर्धर आजारानं खचलेले, अशांसाठी ती. पासष्टी ओलांडलेल्या निराधार वृद्धांसाठी श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तिवेतन योजना आहे. २०२३ मध्ये या योजनांचं मासिक अनुदान हजारावरून दीड हजार रुपये झालं आणि २०२५ मध्ये दिव्यांगांसाठी ते अडीच हजार करण्यात आलं. दिव्यांगांची उत्पन्नमर्यादा वेगळी आहे. बाकीच्यांसाठी अट अशी, की कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न एकवीस हजारांच्या आत हवं. एकवीस हजार म्हणजे दिवसाला सत्तावन्न-अठ्ठावन्न रुपये. या पैशात घर चालवणाऱ्याला महिना दीड हजार रुपये म्हणजे काय, ते हिशेब मांडून सांगायची गरज नाही.

आता अर्जाचा प्रवास पाहा. वयाचा पुरावा, रहिवासाचा दाखला, उत्पन्नाचा दाखला, नवरा वारला असेल तर मृत्यूचा दाखला, अपंगत्व असेल तर डॉक्टरांचं प्रमाणपत्र. हे सगळं गोळा करून अर्ज तहसील कचेरीत जातो. आमच्या तालुक्याचं ठाणं वडगाव. सुदुंबऱ्याहून तळेगावमार्गे जायचं म्हणजे म्हाताऱ्या माणसाचा दिवस मोडतो. अर्जाची छाननी होते, चौकशी होते, मग तो तालुक्याच्या समितीपुढे जातो. समिती ठरवते, हा माणूस पात्र की अपात्र. या वाटेवर कुठंही अर्ज थांबू शकतो. कागद अपुरा म्हणून, चौकशीचा अहवाल आला नाही म्हणून, बैठक झाली नाही म्हणून. यातलं एखादं कारण खरंही असतं. पण अर्जदाराला ते कुणी कळवत नाही. त्याला कळतं ते एवढंच, की ‘अजून काही आलं नाही, पुढच्या महिन्यात या.’

माझ्या नात्यातली एक खाला आहे. मावळातली नव्हे, दुसऱ्या तालुक्यातली. नवरा गेल्यावर चार घरची धुणीभांडी करायची. गुडघे गेले तेव्हा कुणीतरी सांगितलं म्हणून तिनं निराधार योजनेचा अर्ज केला. चौदा महिने ती खेपा घालत होती. दर खेपेला एस.टी.चं भाडं आणि एका दिवसाचा खाडा. मी तिला विचारलं, ‘खाला, ते नेमकं काय म्हणाले?’ ती म्हणाली, ‘बेटा, काहीच म्हणाले नाहीत. नाही म्हणाले असते तर बरं झालं असतं. मी दुसरा रस्ता धरला असता.’

मी पुष्कळ दिवस त्या वाक्याचा विचार करत होतो. खालाला कायदा ठाऊक नव्हता, पण कायद्यातली मुख्य गोष्ट तिनं बरोबर पकडली होती. नकार आला, तर त्यात कारण असतं. कारण चुकीचं असेल तर वरच्या अधिकाऱ्याकडे दाद मागता येते. कागद कमी असेल तर तो आणून देता येतो. आणि आपण खरोखरच पात्र नसू, तर निदान आशा सोडून दुसरं काही करता येतं. मौनाचं काय करायचं? त्यात कारण नाही, तारीख नाही, सही नाही. त्याच्याविरुद्ध अपील तरी कशावर करणार? म्हणून मी म्हणतो, नकारापेक्षा मौन वाईट.

आपल्या राज्यघटनेनं या मौनावर एक औषध ठेवलेलं आहे. अनुच्छेद २२६ खाली उच्च न्यायालय सरकारला किंवा सरकारी अधिकाऱ्याला आदेश देऊ शकतं, की कायद्यानं तुमच्यावर सोपवलेलं काम तुम्ही करा. वकील मंडळी याला मॅन्डॅमस म्हणतात. मराठीत कुणी महादेश म्हणतं, कुणी परमादेश. नाव भारदस्त असलं तरी मतलब सोपा आहे. न्यायालय तहसीलदाराच्या खुर्चीत बसून कुणाला पेन्शन द्यायची ते ठरवत नाही. ते एवढंच म्हणतं, की ठरवण्याचं काम तुमचं आहे ना, मग ठरवा. इतक्या आठवड्यांत ठरवा, अर्जदाराचं म्हणणं ऐका आणि कारणं देऊन लेखी कळवा. उत्तर ‘हो’ असेल किंवा ‘नाही’. पण उत्तर द्यावंच लागेल.

यावर कुणी म्हणेल, की ही तर सरकारची योजना, आज आहे, उद्या नाही. त्यात हक्क कुठून आला? शंका रास्त आहे. सरकारी नोकराची पेन्शन ही बक्षिसी नाही, तो त्याचा अधिकार आहे, हे सर्वोच्च न्यायालयानं १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद यांच्या खटल्यात आणि पुढे १७ डिसेंबर १९८२ रोजी नाकरा खटल्यात सांगितलं. पण त्या माणसानं नोकरी केलेली असते. खालासारख्या बाईनं आयुष्यभर काम केलं, तरी तिची नोंद कुठल्याच मस्टरवर नाही. तिच्यासाठी महत्त्वाची गोष्ट घडली ती २००१ मध्ये.

त्या वर्षी राजस्थानात दुष्काळ होता. सरकारी गोदामं धान्यानं भरलेली आणि माणसं उपाशी. पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज या संघटनेनं सर्वोच्च न्यायालयात याचिका केली. त्यात २८ नोव्हेंबर २००१ रोजी न्यायालयानं एक अंतरिम आदेश दिला. अन्न आणि आधार देणाऱ्या आठ सरकारी योजना घेऊन न्यायालयानं सांगितलं, की यांचे लाभ हे लोकांचे हक्क समजा. त्या आठांत वृद्धांची राष्ट्रीय पेन्शन होती. केंद्रानं ती १९९५ मध्ये सुरू केली तेव्हा रक्कम होती महिना पंचाहत्तर रुपये. पंचाहत्तर रुपयांसाठी देशाच्या सर्वोच्च न्यायालयानं काय सांगावं? लाभार्थी शोधून काढा, १ जानेवारी २००२ पर्यंत पैसे द्यायला लागा आणि दर महिन्याच्या सात तारखेपर्यंत पैसे हातात पडू द्या. रकमेइतकीच तारीखही महत्त्वाची, हे त्या आदेशानं लिहून ठेवलं. म्हाताऱ्या माणसाचं वाण्याचं बिल तारखेनंच चालतं.

आता जरा आमच्या गावात परत येऊ. सुदुंबऱ्यात संताजींच्या समाधीइतकीच बाहेरच्यांना ठाऊक असलेली दुसरी जागा म्हणजे राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दलाची, एनडीआरएफची, पाचवी बटालियन. कुठं पूर आला, दरड कोसळली, इमारत पडली, की नारिंगी गणवेशातले हे जवान निघतात. ३० जुलै २०१४ रोजी आंबेगाव तालुक्यातलं माळीण डोंगराखाली गाडलं गेलं, दीडशेहून अधिक माणसं गेली. तेव्हा चिखलात दिवस-रात्र उभे राहिलेले जवान याच दलाचे. त्यांच्या कामात मिनिटांचा हिशेब असतो.

हे दल ज्या कायद्यानं उभं राहिलं, तो आपत्ती व्यवस्थापन कायदा २००५ सालचा. त्याच्या कलम ४४ मध्ये हे दल आहे. त्याच कायद्यात थोडं मागं गेलं की कलम १२ लागतं. आपत्तीत माणूस गेला तर त्याच्या घरच्यांना सानुग्रह मदत द्यावी आणि तिचे किमान निकष ठरवावेत, असं ते कलम सांगतं. एकाच कायद्याचे हे दोन हात. एक हात ढिगाऱ्याखालून माणूस बाहेर काढतो, दुसऱ्यानं मागं राहिलेल्यांच्या घरात चूल पेटती ठेवायची. कोरोनाच्या काळात या दुसऱ्या हाताला हलवायला कोर्टात जावं लागलं. ती हकिगत महाराष्ट्रानं लक्षात ठेवण्यासारखी आहे.

कोरोना ही कायद्यानं जाहीर झालेली आपत्ती होती, मग मदत का नाही, असा प्रश्न घेऊन याचिका झाल्या. ३० जून २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की कलम १२ खाली मदतीचे निकष ठरवणं हे राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाचं कर्तव्य आहे. किती रक्कम द्यायची ते न्यायालयानं स्वतः ठरवलं नाही. मी मघाशी सांगितलं ते हेच. न्यायालय म्हणालं, तुम्ही ठरवा, पण ठरवा. मग प्राधिकरणानं प्रत्येक मृत्यूमागे पन्नास हजार रुपये ठरवले आणि ४ ऑक्टोबर २०२१ च्या आदेशानं न्यायालयानं त्यावर शिक्कामोर्तब केलं. अर्ज आल्यापासून तीस दिवसांत पैसे द्यायचे. मृत्यूच्या दाखल्यावर कोरोना असं लिहिलेलं नाही, एवढ्याच कारणानं कुणाला परत पाठवायचं नाही. तक्रार असेल तर जिल्ह्यात समिती असेल.

आदेश झाला आणि डिसेंबर उजाडला. आपल्या राज्यात तोवर एक लाखाहून जास्त मृत्यूंची नोंद होती. न्यायालयापुढे आकडा आला, की सदतीस हजारांच्या आसपास अर्ज आलेत आणि एकालाही पैसे मिळालेले नाहीत. न्यायमूर्ती एम. आर. शहा आणि न्यायमूर्ती बी. व्ही. नागरत्ना यांच्या खंडपीठानं राज्याला खडे बोल सुनावले. त्यानंतर चक्रं फिरली. जानेवारी २०२२ पर्यंत राज्यात आलेल्या अर्जांची संख्या दोन लाखांच्या वर गेली होती. नोंदलेल्या मृत्यूंपेक्षाही अर्ज जास्त. ज्यांची गणतीच झाली नव्हती, अशी कितीतरी घरं त्या अर्जांतून समोर आली असतील.

त्याच महिन्यात मुंबई उच्च न्यायालयापुढे आणखी एक गोष्ट आली. झोपडपट्टीतल्या काही कुटुंबांनी कागदावर अर्ज लिहून टपालानं पाठवले होते. त्यांना सांगितलं गेलं, की अर्ज ऑनलाइन करा. ज्यांच्या घरातला कमावता माणूस गेला, ज्यांना संगणक ठाऊक नाही, त्यांना अर्जाच्या पद्धतीवरून परत पाठवू नका, अशी भूमिका उच्च न्यायालयानं घेतली. अर्ज लिहून देणारा माणूस म्हणून मला ही बातमी वाचून फार बरं वाटलं.

या सगळ्यात दिसतं ते एवढंच, की न्यायालयानं आपल्या तिजोरीतून कुणाला एक पैसा दिला नाही. त्यानं मुदत दिली आणि मुदत पाळली का ते विचारलं. पुष्कळदा तेवढंच हवं असतं.

मग उठसूट हायकोर्टात जायचं का? नाही. ते शेवटचं दार आहे. त्याच्या आधी काही दारं आपल्या जवळच आहेत आणि ती ठोठावल्याशिवाय शेवटचं दार सहसा उघडत नाही. आम्ही लेखी मागणी केली होती, तरी अधिकाऱ्यानं उत्तर दिलं नाही, असं दाखवल्याशिवाय न्यायालय सहसा महादेश देत नाही. म्हणून पहिली गोष्ट, पोच. अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घ्या. ऑनलाइन अर्ज असेल तर त्याची पावती छापून ठेवा. पोच नसेल तर कचेरीच्या लेखी तुमचा अर्ज जन्मालाच आलेला नाही.

दुसरी गोष्ट, मुदतीचा कायदा. आपल्या राज्यात बदल्यांचं विनियमन आणि कामातला विलंब रोखण्यासाठी २००५ चा कायदा आहे. लोक त्याला दप्तर दिरंगाईचा कायदा म्हणतात. त्याचं कलम १० सांगतं, की कुठल्याही कर्मचाऱ्याकडे फाइल साधारणपणे कामाच्या सात दिवसांपेक्षा जास्त पडून राहू नये. दुसऱ्या विभागाकडे पाठवायची गरज नसेल तर पंचेचाळीस दिवसांत निर्णय व्हावा, गरज असेल तर तीन महिन्यांत. जाणूनबुजून केलेला उशीर हा कर्तव्यातला कसूर समजून शिस्तभंगाची कारवाई होऊ शकते. या कायद्याला अपवाद आहेत, पण मुद्दा असा, की ‘सवडीनं पाहू’ हे उत्तर कायद्याला मान्य नाही.

तिसरी गोष्ट, २०१५ चा लोकसेवा हक्क कायदा. उत्पन्नाचा दाखला, रहिवासाचा दाखला अशा अधिसूचित सेवा ठरलेल्या मुदतीत मिळाल्याच पाहिजेत, असं तो सांगतो. या कायद्यातली मला सर्वांत आवडलेली गोष्ट म्हणजे त्यानं मौनाला उत्तर दिलं आहे. मुदत उलटून गेली, की नकार आला नसला तरी अपील करता येतं. पहिलं अपील, दुसरं अपील आणि त्यावर राज्य सेवा हक्क आयोग. कसूर करणाऱ्या अधिकाऱ्याला पाचशेपासून पाच हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. पेन्शनच्या अर्जाला जोडायचे दाखलेच अडले असतील, तर ही वाट उपयोगी पडते.

चौथी गोष्ट माहितीच्या अधिकाराची. माझा अमुक तारखेचा अर्ज आज कुणाच्या टेबलावर आहे, त्यावर कोणत्या तारखेला काय शेरा पडला, त्याची प्रत द्या. एवढंच विचारायचं. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावायचा. दारिद्र्यरेषेखालच्या माणसाला तोही नको. तीस दिवसांत उत्तर यायला हवं. पुष्कळदा हा कागद पोहोचला, की झोपलेली फाइल जागी होते.

खालाच्या बाबतीत तसंच झालं. आम्ही फक्त एक पत्र लिहिलं. अर्जाची तारीख, आवक क्रमांक, खेपांच्या तारखा आणि शेवटी कलम १० चा उल्लेख करून, निर्णय लेखी कळवावा ही मागणी. तीन आठवड्यांत उत्तर आलं. काय होतं त्यात? उत्पन्नाच्या दाखल्याची मुदत संपली आहे. आता गंमत बघा, की अर्ज केला तेव्हा दाखला ताजा होता. कचेरीत पडून पडून तो शिळा झाला. पण निदान अडलं कुठं ते कळलं. नवा दाखला जोडला आणि पुढच्या बैठकीत अर्ज मंजूर झाला. कोर्टाची पायरी चढावी लागली नाही. मात्र तिचे चौदा महिने गेले ते गेलेच. दीड हजारांच्या हिशेबानं एकवीस हजार रुपये. म्हणजे सरकार ज्या उत्पन्नाला गरिबीची रेघ समजतं, त्या अख्ख्या वर्षाच्या उत्पन्नाएवढे.

एवढं करूनही कुणी दाद दिली नाही, तर कोर्टाकडे वळायचं. इथं लोक दोन गोष्टींना घाबरतात, खर्चाला आणि अंतराला. खर्चाचं सांगतो. घटनेच्या अनुच्छेद ३९-क नं मोफत कायदेशीर मदतीची जबाबदारी राज्यावर टाकली आहे आणि १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्यानं तिची व्यवस्था लावली आहे. त्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रिया, मुलं, दिव्यांग, अनुसूचित जाती-जमातींचे लोक यांना उत्पन्न न विचारता मोफत वकील मिळतो. बाकीच्यांसाठी उत्पन्नाची मर्यादा आहे. म्हणजे निराधार योजनेची वाट पाहणारी बहुतेक माणसं या मदतीला पात्रच आहेत. तालुक्याच्या कोर्टात तालुका विधी सेवा समिती असते, पुण्यात जिल्हा प्राधिकरण आहे, उच्च न्यायालयाची स्वतंत्र समिती आहे. १५१०० या क्रमांकावर फोन करूनही विचारता येतं.

अंतराचं दुखणं मात्र खरं आहे. ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू झालं. कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची सोय झाली. पुणे जिल्हा त्यात नाही. आमची याचिका मुंबईलाच जाते. शिवाय उच्च न्यायालयातही कामं तुंबलेली असतात. दिरंगाईविरुद्धची याचिका स्वतःच रांगेत उभी राहू शकते. आणि न्यायालयानं मुदत घालून दिली, निर्णय झाला आणि तो ‘अपात्र’ असा आला, तर? तर त्या कारणांशी पुन्हा झगडावं लागतं. हे आधीच माहीत असलेलं बरं. फरक एवढाच, की आता झगडायला समोर काहीतरी असतं. आणि कोर्टानं घातलेली मुदत कचेरीनं मोडली, तर तो न्यायालयाचा अवमान ठरू शकतो.

कचेरीच्या बाजूनंही दोन शब्द बोललं पाहिजे. तलाठ्याकडे अनेकदा एकाहून अधिक गावं असतात. तहसीलदाराच्या डोक्यावर निवडणूक, पंचनामे, जमिनीचे दावे, पाणीटंचाई असं सगळंच असतं. आमच्या मावळात तर एकीकडे तळेगाव-चाकणची कारखानदारी आणि जमिनीचे चढलेले भाव, दुसरीकडे त्याच जमिनीच्या कडेला एकटी राहणारी म्हातारी. सात-बारावर तिचं नाव आहे, पण हातात पैसा नाही. मुलगा कंपनीत आहे, पण तो तिला विचारत नाही. अशी बाई पात्र की अपात्र, हा प्रश्न सोपा नाही. अधिकाऱ्यानं विचार करायला वेळ घेतला तर त्याला मी दोष देणार नाही. पण अवघड प्रश्नाचं उत्तर कठीण आहे म्हणून ते देऊच नये, हे कुठल्या न्यायात बसतं? शंका असेल तर चौकशी करा, तिला बोलवा, विचारा आणि मग सांगा.

मंजूर झालेली मदत मध्येच बंद होणं, हाही या दुखण्याचाच एक प्रकार. कुठं हयातीचा दाखला पोहोचला नाही, कुठं आधार आणि बँकेच्या खात्याची जोडणी तुटली. पैसे थेट खात्यात येऊ लागल्यापासून मधले हात कमी झाले, हे चांगलंच झालं. पण खातं मुकं झालं, की विचारायचं कुणाला ते म्हाताऱ्या माणसाला उमगत नाही. अमेरिकेत १९७० मध्ये न्यूयॉर्कच्या काही गरीब कुटुंबांचा असाच खटला तिथल्या सर्वोच्च न्यायालयात गेला होता. गोल्डबर्ग विरुद्ध केली या नावानं तो ओळखला जातो. न्यायालयानं सांगितलं, की जगण्यासाठीची मदत बंद करायची असेल तर आधी त्या माणसाचं म्हणणं ऐका, मग बंद करा. कारण सरळ आहे. श्रीमंत माणूस चुकीचा निर्णय दुरुस्त होईपर्यंत थांबू शकतो. ज्याचं पोटच त्या मदतीवर आहे, तो थांबणार कसा?

कुणी विचारतात, तुम्ही कवी, तुम्हाला या कागदांचं काय? त्यावर माझ्याकडे मोठं उत्तर नाही. माझ्याकडे येणाऱ्या बायाबापड्यांना मी एवढंच सांगतो, की एक पिशवी करा. तिच्यात अर्जाची पोच, दाखल्यांच्या झेरॉक्स, बँकेचं पासबुक आणि एक वही ठेवा. वहीत प्रत्येक खेपेची तारीख लिहा, कुणाला भेटलात आणि ते काय म्हणाले ते लिहा. लिहिता येत नसेल तर नातवाकडून लिहून घ्या. उद्या तालुक्याच्या विधी सेवा समितीतला वकील पहिल्यांदा तीच वही मागेल.

आणि पंचेचाळीस दिवस उलटले, की हे पत्र द्या. ‘मी अमुक तारखेला अमुक योजनेसाठी अर्ज केला आहे, आवक क्रमांक अमुक. त्यावर आजपर्यंत निर्णय कळलेला नाही. मी पात्र असल्यास मंजुरीचा आणि अपात्र असल्यास कारणांसह नकाराचा लेखी आदेश मला पंधरा दिवसांत द्यावा.’ खाली सही किंवा अंगठा, आणि याही पत्राची पोच घ्यायला विसरू नका.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)